कोळीवाड्यातील खाद्य-संगीत महोत्सव : आधी चूल, मग मंच

आपल्या मंडळाचा प्रश्न थोडक्यात असा आहे. पश्चिम उपनगरातील आपल्या कोळीवाड्यात, बंदरालगतच्या मोकळ्या जागेत, दर वर्षी तीन संध्याकाळी मासळीचे पदार्थ आणि कोळीगीते यांचा महोत्सव भरतो. गेल्या वर्षी गर्दी अपेक्षेबाहेर वाढली, शनिवारी साडेआठलाच निम्म्या स्टॉलवरचे पदार्थ संपले आणि उरलेल्या स्टॉलपुढे पाऊण-पाऊण तासाच्या रांगा लागल्या. रात्री दहा उलटल्यावर मुख्य गायकाचा कार्यक्रम रंगात असताना शेजारच्या इमारतीतून तक्रार गेली आणि तो अर्ध्यावर थांबवावा लागला. मंडप, ध्वनिव्यवस्था आणि कलाकार यांचे पैसे भागले. पहाटेपासून मासळी साफ करणाऱ्या बायकांच्या हाती मात्र फारसे काही लागले नाही. यंदा मोठा कलाकार आणावा की स्टॉल वाढवावेत, असे आपण विचारले आहे.

अशा महोत्सवांची व्यवस्था पाहणे हाच माझा व्यवसाय असल्यामुळे स्पष्ट सांगतो : दोन्ही करू नये. आपण सांगितलेल्या तिन्ही अडचणींचे मूळ एकच आहे, ते म्हणजे मंचाचे वेळापत्रक एका समितीने आखले आणि चुलींचा विचार दुसऱ्यांवर सोडला. खाद्यमहोत्सवात एका संध्याकाळी किती माणसे समाधानाने जेवून जातील हे तव्यांच्या संख्येवर ठरते. गाण्यांचा क्रम, आवाजाची पातळी, स्टॉलची मांडणी आणि हिशेब हे सगळे त्या आकड्यामागून यायला हवे.

हा आकडा काढणे अवघड नाही. तव्यावरचा बोंबील घेऊ. मोठ्या तव्यावर एका घाण्यात पंधरा बोंबील बसतात. एका प्लेटला तीन धरले तर घाण्याला पाच प्लेट होतात. तळायला सात-आठ मिनिटे आणि घालणे-काढणे धरून दहा मिनिटे घेतली, तर तासाला सहा घाणे म्हणजे ३० प्लेट निघतात. संध्याकाळी सहा ते दहा या चार तासांत एका तव्यावर १२० प्लेट झाल्या. वीस स्टॉल आणि प्रत्येकी दोन तवे असतील तर कागदावर ४,८०० प्लेट दिसतात, पण गॅस बदलणे, तेल तापण्याची वाट पाहणे, सुट्या पैशांची घासाघीस आणि हाताला येणारा थकवा यांत तिसरा हिस्सा सहज जातो. उरल्या साधारण ३,२०० प्लेट. माणशी दोन प्लेट धरल्या तर तव्यांच्या जोरावर एका रात्री सोळाशे माणसे जेवतील. आपल्याकडे याच्या दुप्पट माणसे आली असतील, तर साडेआठला पदार्थ संपणे हा मासळीच्या खरेदीचा दोष नव्हता. आडातच नव्हते, तर पोहऱ्यात कुठून येणार?

यावर उपाय म्हणून स्टॉल वाढवले तर जागा घटते आणि चालण्याची वाट अरुंद होते. त्यापेक्षा पदार्थांची यादी बदलावी. बहुतेक महोत्सवांत वीसही स्टॉल सुरमई फ्राय, पापलेट फ्राय, कोलंबी फ्राय आणि बोंबील फ्राय हेच विकतात, म्हणजे सगळा भार तव्यावर पडतो. कोळी घरातल्या रोजच्या जेवणात तव्याबाहेरचे कितीतरी पदार्थ असतात. तिसऱ्यांचे सुके, चिंबोरीचे कालवण, कोलंबीभात, जवळ्याची चटणी आणि माकुलाचे सुके हे पदार्थ पातेल्यात आधी शिजतात आणि विकताना फक्त वाढायचे असतात. प्रत्येक स्टॉलला तव्यावरचे दोनच पदार्थ आणि पातेल्यातले किमान दोन, असा नियम करावा आणि कोणी काय करायचे याची वाटणी महिनाभर आधी बैठकीत करावी. या वाटणीवरून रुसवेफुगवे होतील, कारण चिंबोरीला भाव मिळतो आणि जवळ्याला मिळत नाही. म्हणून वाटणी चिठ्ठ्या टाकून करावी आणि दर वर्षी फिरती ठेवावी. तांदळाच्या भाकऱ्यांसाठी मात्र वेगळी रांग आणि वेगळ्या बायका हव्यात. भाकरी थापणारी बाई पैसेही घेऊ लागली की दोन्ही कामे खोळंबतात.

तव्याचा वेग वाढवण्याची खरी जागा तव्यापाशी नाही, ती दुपारच्या तयारीत आहे. ओला बोंबील म्हणजे बहुतांश पाणीच. तो पोटाकडून फाडून, मधला काटा काढून, उघडा पसरून, स्वच्छ कापडाच्या घडीत घालून वर पाट्याचा किंवा भरलेल्या डब्याचा भार देऊन ठेवला, तरच त्यातले पाणी निघते आणि तो तव्यावर कुरकुरीत होतो. ही पायरी घाईत गाळली की तव्यावर पाणी सुटते, तेल थंड पडते, रव्याचा थर सुटून तळाशी जळतो, आणि आठ मिनिटांचा घाणा बारा मिनिटांवर जातो. शनिवारच्या रांगेतला निदान काही वेळ तरी या न दाबलेल्या बोंबलांनी खाल्लेला असतो. दाबलेले बोंबील पसरट डब्यांत थर लावून, मधे कागद घालून, बर्फाच्या पेटीत ठेवावेत. मीठ आणि मसाला तव्यावर घालायच्या थोडाच वेळ आधी लावावा, नाहीतर मिठाने पुन्हा पाणी सुटते.

बर्फाबाबत मी फार आग्रही आहे. आपल्या हवेत मासळी आणि बर्फ यांचे वजन निम्मे-निम्मे असावे, आणि बर्फ लादीचा न ठेवता फोडून मासळीच्या वर, खाली आणि मधे घालावा. बांगडा, सुरमई, कुपा यांसारखी मासळी काही तास उबेत राहिली की तिच्यात हिस्टामाइन तयार होते. ते एकदा तयार झाले की तळून किंवा शिजवून नष्ट होत नाही. खाणाऱ्याचे तोंड लाल होते, अंगावर पित्त उठते, डोके दुखते, आणि नाव मसाल्याचे होते. पातेल्यातले पदार्थ ६० अंश सेल्सिअसच्या वर गरम ठेवावेत, त्यासाठी प्रत्येक दोन स्टॉलमागे एक साधा प्रोब थर्मामीटर पुरतो. तळणीच्या तेलातील ध्रुवीय संयुगांचे (तेल पुन्हा पुन्हा तापून बिघडले की त्यात साचणाऱ्या द्रव्यांचे) प्रमाण २५ टक्क्यांपुढे गेले तर ते तेल वापरता येत नाही, असा अन्नसुरक्षा प्राधिकरणाचा नियम आहे. स्टॉलवर कोणी हे मोजत बसणार नाही, म्हणून तेल रोज नवे आणि उरलेले रात्री मंडळाने गोळा करायचे, ही पद्धत बरी.

आता तारखेकडे वळू, कारण मासळीची आवक तारखेवरच ठरते. आपण कलाकाराच्या सोयीचा शनिवार पाहून दिवस ठरवता असे आपल्या मजकुरावरून दिसते. पावसाळ्यातील १ जून ते ३१ जुलै ही मासेमारीबंदी सर्वांनाच ठाऊक असते आणि महोत्सव हिवाळ्यात घ्यायचा हेही ठरलेलेच आहे. पण हिवाळ्यातही सगळे आठवडे सारखे नसतात. बोंबील, जवळा, करंदी, मांदेली ही मासळी मुख्यतः डोळीच्या, म्हणजे पाण्याच्या ओढीत बांधून ठेवलेल्या पिशवीसारख्या जाळ्यात मिळते, आणि डोळ चालते ती भरती-ओहोटीच्या ओढीवर. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला ओढ जोरात असते आणि डोळ भरते. अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे कमी चढउताराची भरती-ओहोटी, लागला की पाणी मंदावते आणि आवक घटते. भांगाच्या दिवसांत महोत्सव घेतला तर बोंबील बाहेरून आणावा लागेल आणि त्याचा भाव स्टॉलवाल्या बाईच्या नफ्यातून जाईल. वाड्यातल्या कोणत्याही जुन्या नाखव्याला हे सांगण्याची गरज नाही, पण महोत्सव समितीच्या बैठकीला नाखव्यांना बोलावतो कोण?

उधाणाचे दिवस जागेच्या दृष्टीनेही सोयीचे पडतात, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. मुंबईत अमावास्या-पौर्णिमेला मोठी भरती दुपारी आणि मध्यरात्री बाराच्या आसपास येते, पुढे ती रोज साधारण ५० मिनिटांनी सरकते. त्यामुळे संध्याकाळी सहा ते आठ या वेळेत ओहोटी असते आणि बंदरालगतची जागा कोरडी राहते. मात्र हिवाळ्यात रात्रीची भरती दुपारच्या भरतीपेक्षा सहसा उंच असते, म्हणून जनरेटर, केबल आणि तेलाचे डबे पाण्याच्या बाजूला ठेवून रात्री बारापर्यंत आवराआवर रेंगाळू देऊ नये. तारीख पक्की करण्याआधी भरतीचे तक्ते आणि दिनदर्शिका दोन्ही समोर ठेवावीत. पौर्णिमेनंतर चौथ्या दिवशी संकष्टी येते, माघ शुद्ध चतुर्थीला गणेशजयंती असते, मार्गशीर्षात बऱ्याच घरांत मासळी बंद असते, आणि फेब्रुवारीत परीक्षा सुरू झाल्या की शेजाऱ्यांची सहनशक्ती संपते. हे सगळे वगळून जानेवारीत एखाद-दुसराच शुक्रवार ते रविवार हाती उरतो, आणि कलाकाराची तारीख त्या दिवसांशी जुळवून घ्यावी. जुळत नसेल तर कलाकार बदलावा.

मंचाचा कार्यक्रम आखताना एक साधे निरीक्षण उपयोगी पडते. नामवंत गायक मंचावर आला की स्टॉलपुढची गर्दी मंचाकडे सरकते, तवे रिकामे तापत राहतात, आणि गाणे संपताच सगळी माणसे एकाच वेळी स्टॉलवर कोसळतात. पाऊण तासाची रांग अशी तयार होते. रात्री नऊला एक मोठा कार्यक्रम ठेवण्याऐवजी वीस-पंचवीस मिनिटांचे छोटे कार्यक्रम आणि मधे पंधरा मिनिटांची विश्रांती अशी रचना करावी. मुख्य गायकाने पावणेआठला आणि पुन्हा नऊला, असे दोनदा गावे. कलाकारांना हे सुरुवातीला रुचत नाही, पण करारातच लिहिले तर वाद होत नाही. दुसरे असे की, नऊवारी नेसून मंचावर नाचणाऱ्या बायका आणि स्टॉलवर तवा सांभाळणाऱ्या बायका बहुतेक वेळा त्याच असतात. त्यांचा नाच साडेआठला ठेवला तर ऐन गर्दीत सहा-सात स्टॉल पोरासोरांच्या हाती राहतात. त्यांचे कार्यक्रम साडेसहाच्या आत उरकावेत. लग्नातले धवले गाणाऱ्या धवलारीण आजीबाईंनाही हीच वेळ द्यावी. त्यांचा आवाज ध्वनिक्षेपकाच्या गदारोळात ऐकायचा नसतो, आणि माझ्या मते साऱ्या महोत्सवात इतरत्र न मिळणारी गोष्ट तीच आहे.

आवाजाच्या नियमांबाबत मंडळांमध्ये बरेच गैरसमज आढळतात. ध्वनिप्रदूषण नियम, २००० प्रमाणे रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक लावता येत नाही. राज्य शासन वर्षातील जास्तीत जास्त १५ दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देऊ शकते, पण ते दिवस बहुतांशी गणेशोत्सव-नवरात्रासारख्या मोठ्या सणांसाठी जाहीर होतात, तेव्हा त्या भरवशावर कार्यक्रम आखू नये. दहा वाजता माइक बंद करून ब्रास बँड वाजवला तर चालते, ही समजूतही चुकीची आहे. रात्रीची बंदी उघड्यावरच्या वाद्यांनाही लागू आहे. निवासी भागात दिवसाची मर्यादा ५५ डेसिबल आहे आणि रुग्णालय, शाळा, न्यायालय यांच्या भोवतीचे १०० मीटर शांतता क्षेत्रात येऊ शकतात. सार्वजनिक जागेच्या हद्दीवर ध्वनिक्षेपकाचा आवाज तिथल्या मर्यादेपेक्षा १० डेसिबल जास्त किंवा ७५ डेसिबल, यांपैकी जे कमी असेल त्याहून वर जाता कामा नये. निवासी वस्तीत याचा अर्थ हद्दीवर ६५ डेसिबल असा होतो.

इतक्या कमी आवाजात कोळीगीत कसे रंगेल, असे साउंडवाला विचारील. त्याचे उत्तर स्पीकरच्या मांडणीत आहे. उघड्या जागेत अंतर दुप्पट झाले की आवाज सुमारे ६ डेसिबलने उतरतो. स्पीकरपासून २ मीटरवर ९५ डेसिबल असतील तर ४ मीटरवर ८९, ८ मीटरवर ८३, १६ मीटरवर ७७ आणि ३२ मीटरवर ७१ राहतात. मंचाच्या दोन्ही बाजूंना स्पीकरच्या दोन भिंती उभारून शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवायचा म्हटले तर पुढच्या रांगेला कानठळ्या बसतात आणि हद्दीवरची मर्यादा हमखास मोडते. त्याऐवजी मैदानभर लहान स्पीकर खांबांवर, खाली झुकवून, कमी आवाजात लावावेत; लांबच्या स्पीकरांना योग्य विलंब द्यावा, म्हणजे शब्द दुहेरी ऐकू येत नाहीत. मंचाची पाठ इमारतींकडे आणि तोंड समुद्राकडे असावे. खर्जाचे वेगळे डबे (सबवूफर) शक्य तितके कमी करावेत, कारण खर्ज दिशा पाळत नाही आणि बंद खिडकीतूनही घरात शिरतो. बहुसंख्य तक्रारी गाण्याच्या नसतात, त्या धडधडीच्या असतात.

आदल्या संध्याकाळी चाचणी घेताना ध्वनिमापक घेऊन त्या इमारतीच्या सातव्या-आठव्या मजल्यावरच्या एखाद्या खिडकीत उभे राहावे, सोबत सोसायटीचा सचिव असावा, आणि खालच्या साउंडवाल्याशी फोनवर बोलत पातळी ठरवावी. त्या पातळीवर मिक्सरला चिकटपट्टी लावून खूण करावी. ज्याने खूण पाहिली तो सचिव सहसा तक्रार करत नाही. त्याच भेटीत प्रत्येक मजल्यावर कार्यक्रमाची वेळ छापलेला कागद आणि मंडळाच्या एका जबाबदार माणसाचा फोन नंबर द्यावा, म्हणजे पहिला फोन पोलिसांना जाण्याऐवजी आपल्याला येतो. शेवटचे गाणे पावणेदहाला संपवावे. दहा ही मर्यादा आहे, समारोपाची वेळ नव्हे.

गाण्यांच्या हक्कांकडेही बहुतेक मंडळे काणाडोळा करतात. परंपरेने आलेले धवले आणि लोकगीते यांवर कोणाचा स्वामित्वहक्क नसतो. परंतु ज्यांना आपण सर्रास पारंपरिक समजतो अशा कित्येक लोकप्रिय कोळीगीतांना ज्ञात गीतकार-संगीतकार आहेत, आणि लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत हक्क टिकतो. स्वामित्वहक्क अधिनियम, १९५७ मध्ये लग्नसमारंभ आणि धार्मिक विधींना सवलत आहे, तशीच हौशी मंडळाने पैसे न घेता प्रेक्षकांसमोर केलेल्या सादरीकरणालाही आहे. व्यावसायिक वाद्यवृंद बोलावला किंवा तिकीट लावले की ती सवलत धरू नये. प्रत्यक्ष गायनासाठी आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांचे हक्क सांभाळणाऱ्या संस्थेची परवानगी लागते, आणि मधल्या वेळेत रेकॉर्ड वाजवायच्या तर ध्वनिमुद्रणाच्या हक्कधारकांचीही. ही रक्कम अंदाजपत्रकात पहिल्याच दिवशी धरावी.

बाकीच्या परवानग्या आपण गेल्या वर्षी घेतल्याच असतील, तेव्हा थोडक्यात सांगतो. महापालिकेचे विभाग कार्यालय, स्थानिक पोलीस ठाणे, वाहतूक पोलीस आणि अग्निशमन दल यांच्याकडे दोन महिने आधी अर्ज द्यावेत. प्रत्येक स्टॉलधारकाची तात्पुरत्या स्टॉलसाठीची अन्नसुरक्षा नोंदणी वेगवेगळी करावी. मंडळाच्या एकाच नावावर सगळे चालवू नये. १०० पेक्षा जास्त माणसे जमणाऱ्या कार्यक्रमाची सूचना महापालिकेला किमान तीन कामकाजाचे दिवस आधी द्यावी लागते. थर्माकोलच्या ताटल्यांवर राज्यात २०१८ पासून बंदी आहे. घरगुती १४.२ किलोचा सिलिंडर स्टॉलवर चालत नाही, १९ किलोचाच व्यावसायिक हवा, तोही उभा आणि शेगडीच्या पातळीखाली. भरलेले जादा सिलिंडर स्टॉलमागे न ठेवता एका कुंपण घातलेल्या जागी ठेवावेत. जागा खाऱ्या ओलीची असल्यामुळे विजेच्या प्रत्येक जोडणीला ३० मिलिअँपियरचा गळतीसंरक्षक स्विच असल्याखेरीज वीज चालू करू देऊ नये. या एका मुद्द्यावर तडजोड नको. मासळीची आतडी-खवले गटारात न टाकता झाकणाच्या पिंपात वेगळी ठेवावीत. बायकांसाठी शौचालय स्टॉलच्या पाठीमागेच असावे, कारण त्यांना रांगेत उभे राहायला वेळ नसतो.

पापलेटविषयी एक गोष्ट सांगितली पाहिजे. २०२३ मध्ये त्याला राज्यमाशाचा दर्जा मिळाला, आणि त्याच वर्षी राज्याने पकडण्यायोग्य मासळीची किमान आकारमाने ठरवली. तरीही बश्यांमध्ये तळहाताएवढी पिल्ले दिसतात. कोळी समाजाच्या महोत्सवात लहान पापलेट विकले जाणे शोभत नाही, आणि उद्या आपलीच जाळी रिकामी येणार आहेत. समितीने सकाळी खरेदीच्या वेळीच लहान माल परत करावा.

शेवटी पैसा. गेल्या वर्षी प्रत्येक स्टॉलकडून आगाऊ ठरावीक भाडे घेतले गेले, म्हणजे गर्दीचा लाभ मंडळाला आणि माल संपण्याचा तोटा बाईला, असा व्यवहार झाला. त्याऐवजी अनामत अगदी थोडी घ्यावी आणि विक्रीचा ठरलेला हिस्सा घ्यावा. माझ्या अनुभवात दहा ते पंधरा टक्क्यांपर्यंत कोणी कुरकुर करत नाही, त्यापुढे विक्री लपवली जाऊ लागते. मंच, ध्वनी आणि कलाकार यांचा खर्च प्रायोजकांकडून निघेल तेवढाच ठेवावा. तो स्टॉलच्या हिश्श्यातून भागवायचा नाही, असा ठराव बैठकीत लेखी करून घ्यावा. यूपीआयचे पैसे मंडळाच्या खात्यात न घेता प्रत्येक स्टॉलच्या स्वतःच्या क्यूआर कोडवर यावेत, कारण मंडळाकडून पैसे मिळायला आठवडा लागला तर दुसऱ्या दिवशीची मासळी उधारीवर घ्यावी लागते. गर्दीत मोबाइलचे जाळे बसते, म्हणून मैदानावर वायफायची सोय आणि पन्नास रुपयांची छापील कुपने दोन्ही हाताशी असावीत. कुपनांचा हिशेब रोज रात्री साडेदहाला, आवराआवर चालू असतानाच, रोखीने चुकता करावा. पहाटे बंदरावर लिलावात बोली लावताना त्या बाईच्या कमरेला आदल्या रात्रीचे पैसे असतील, तर रविवारी तिच्या स्टॉलवर चांगला माल येईल.